लॉबीतल्या बाईंचं मानपत्र

न्यू जर्सीतल्या आमच्या मराठी मंडळात कुणाचाही सत्कार असला की मानपत्र मी लिहितो आणि स्टेजवर वाचूनही मीच दाखवतो. हे काम माझ्याकडे कसं आलं ते कुणाला आठवत नाही, आणि काढून कसं घ्यावं ते कुणाला सुचत नाही. एका वर्षी एडिसनमधल्या एका डेंटिस्टच्या मानपत्रात मी त्यांच्या थोरल्या भावाच्या श्रद्धांजलीतला परिच्छेद तसाच उचलला. श्रोत्यांनी दोन मिनिटं उभं राहून शांतता पाळावी, अशी विनंती मी केली तेव्हा डेंटिस्ट पहिल्या रांगेत बसले होते. शिष्टाचार म्हणून तेही उभे राहिले. पुढे माझी अक्कलदाढ त्यांनीच काढली. भूल पुरती चढायच्या आधीच त्यांनी काम सुरू केलं, असं माझं आजही मत आहे.

मानपत्राचं एक तंत्र असतं. पहिला परिच्छेद गरिबीचा. 'घरची परिस्थिती हलाखीची असूनही' इथून गाडी सुरू व्हायलाच हवी. त्याशिवाय शालीला वजन येत नाही. गरिबी नसेल तर शोधून काढावी लागते. एका सत्कारमूर्तींचे वडील कलेक्टर होते. मी तिथेही वडिलांच्या सारख्या बदल्यांमुळे मुलाच्या बालमनावर झालेल्या आघातांचा परिच्छेद काढला आणि दोन बायकांना रडवलं.

या सगळ्यात माझं आवडतं गिऱ्हाईक म्हणजे काका. नात्याने माझे कुणी नाहीत, पण न्यू जर्सीतल्या अर्ध्या मराठी माणसांचे ते काकाच आहेत. फार पूर्वी इंजिनिअर म्हणून आले, आता रिटायर होऊन मंडळाच्या नवीन अध्यक्षांना सल्ले देतात. ते पहिल्यांदा नेवार्कच्या विमानतळावर उतरले तेव्हा बाहेर बर्फ होता आणि त्यांच्या पायात चपला होत्या. ही गोष्ट मी त्यांच्या तोंडून पहिल्यांदा ऐकली तेव्हा बर्फ घोट्यापर्यंत होता. हल्ली तो कमरेपर्यंत आलाय. हवामान बदलाचा एवढा सज्जड पुरावा शास्त्रज्ञांकडेही नसेल.

माझी पहिली नोकरी काकांनीच लावून दिली. त्यांच्या बेसमेंटमध्ये पॉटलक होतं, म्हणजे प्रत्येकाने घरून एकेक पदार्थ आणलेला. मी हातात कागदी बशी घेऊन कोपऱ्यात उभा होतो. काका आले, गाव कुठलं विचारलं, आडनाव विचारलं, कुठल्या शाळेत ते विचारलं. आणि त्यांचे धाकटे भाऊ नि माझे मामा एका बाकावर बसायचे, असा शोध लागला. काकांनी तिथूनच आपल्या बॅडमिंटनच्या जोडीदाराला फोन केला. सोमवारी माझा इंटरव्ह्यू झाला. त्यात मला एवढंच विचारलं की पार्किंग मिळालं का. मिळालं होतं. नोकरीही मिळाली. पुढे वीसेक वर्षं मी या प्रकाराला मेरिट म्हणत आलो आणि मंडळातल्या तरुण मुलांना त्यावर व्याख्यानंही दिली.

तर अशा मेरिटच्या जोरावर मी एका विमा कंपनीच्या दुसऱ्या मजल्यावर मॅनेजर होऊन बसलो. आमची बिल्डिंग चार मजल्यांची. तिच्या लिफ्टचा एक गुण मला फार उशिरा दिसला. खाली लॉबीत, कॅफेटेरियात आणि लोडिंग डॉकवर सगळी कृष्णवर्णीय माणसं, थोडी ग्वाटेमालाकडची. दुसऱ्या मजल्यावर आम्ही, म्हणजे हैदराबाद, चेन्नई, पुणे, नागपूर. तिसऱ्यावर सरमिसळ. चौथ्यावर डायरेक्टर मंडळी, गोरी आणि अतिशय सज्जन. लिफ्ट जसजशी वर जाते तसतसा रंग उजळत जातो. खोबऱ्याची वडी गॅसवर शिजताना खाली करपते आणि वरून पांढरी राहते, तसा हा प्रकार. फरक एवढाच, की वडीच्या बाबतीत आपण गॅसला दोष देतो. इथे खालच्या थराला विचारतात, तू मेहनत का नाही केलीस.

आमचं, म्हणजे दुसऱ्या मजल्याचं, या बाबतीत ठाम मत असतं. काका एकदा मला जेवायला न्यायला आले होते. लॉबीतून बाहेर पडताना खालच्या आवाजात मराठीत म्हणाले, "या लोकांना ना, कामाची सवयच नसते." ते हे म्हणत होते तेव्हा 'या लोकां'पैकी एका बाईंनी त्यांच्यासाठी दार उघडून धरलं होतं, आणि त्या सकाळी सहापासून ड्यूटीवर होत्या.

त्याच या गोष्टीतल्या बाई.

लॉबीतल्या डेस्कवर त्या बसायच्या. चाळिशीच्या, कृष्णवर्णीय, सिक्युरिटी कंपनीचा निळा ब्लेझर, आणि दर आठवड्याला नवीन रंगांची नखं. मी मनातल्या मनात त्यांना बाई म्हणायचो, कारण शाळेतल्या बाईंसारखी त्या दारातच हजेरी घ्यायच्या. माणसांना त्या नावाने हाक मारत नसत, मजल्याने मारत. मी सेकंड फ्लोअर. दुसऱ्या मजल्यावर शंभरावर माणसं असतील, पण ही पदवी त्यांनी मलाच दिली होती. इंग्रजीत तू आणि तुम्ही वेगळं नसतं म्हणतात. बाईंच्या बोलण्यातलं 'तू' मात्र मला स्वच्छ ऐकू यायचं.

"काय सेकंड फ्लोअर, आज बॅज कुठे विसरलास?"

"गाडीत असेल."

"गाडीत नाहीये. आत्ताच तुझ्या बायकोने फोन करून सांगितलं, फ्रीजवर आहे."

माझी बायको त्यांच्याशी परस्पर संधान बांधून होती. बायको त्यांना चकल्या पाठवायची आणि त्या बायकोला माझे रिपोर्ट.

बाई कंपनीच्या नव्हत्या, कंत्राटदाराच्या होत्या. कंत्राटदार त्यांना आठवड्याला बरोबर इतकेच तास द्यायचा की आरोग्य विमा देणं त्याला बंधनकारक होऊ नये. म्हणजे विम्याच्या कंपनीच्या दारात बसलेल्या बाईंना विमा नव्हता. आम्ही मात्र त्यांना आमच्या पोस्टरवर घेतलं होतं. 'आपण सारे एक' अशा अर्थाचं काहीतरी लिहिलेल्या त्या पोस्टरमध्ये बाई, मी आणि चौथ्या मजल्यावरची एक मुलगी एका लॅपटॉपकडे बघून खळखळून हसतोय. लॅपटॉप बंद होता. पुढे देशाची हवा बदलली, 'विविधता' हा शब्दच अडचणीचा झाला, तसं पोस्टर उतरवलं. भिंतीवर खिळे राहिले, त्यांच्याखाली बाई.

एकदा सकाळी मी बॅजशिवाय उभा असताना बाई सरळ मुद्द्यावर आल्या. "तुमच्या मजल्यावर हेल्पडेस्कची जागा निघालीये. मी कॉलेजात संध्याकाळचा कोर्स केलाय, सर्टिफिकेटची परीक्षा पास झालेय. तू मला रेफर करशील?"

हेल्पडेस्क म्हणजे पासवर्ड विसरलेल्यांना पासवर्ड मिळवून देणं आणि चिडलेल्या माणसाला गोड बोलून कॉम्प्युटर बंद करून चालू करायला लावणं. बाईंनी हे काम माणसांच्या बाबतीत आयुष्यभर केलं होतं. मी म्हटलं, "अहो, आनंदाने."

"आनंद नंतर. आधी रेफर कर. ही नोकरी कायमची आहे, आणि विम्यासकट. माझ्या आईची शुगर माझ्या तासांकडे बघून कमीजास्त होत नाही."

त्यांची गोष्ट मला तुकड्यातुकड्यात माहीत होती. आधी त्या एका बँकेच्या शाखेत होत्या. शाखा बंद झाली. कंत्राटी काम सुरू झालं, तासांचा भरवसा गेला, त्यात गाडी गेली. नवीन गाडीसाठी कर्ज हवं, कर्जासाठी कायमची नोकरी हवी, आणि कायमच्या नोकऱ्या सगळ्या अशा ठिकाणी की जिथे जायला गाडी हवी. त्यामुळे नेवार्कहून ट्रेन, मग बस, मग हायवेच्या कडेने चालत, कारण अमेरिकेत ऑफिसं बांधताना फुटपाथ बांधायचं लक्षात राहत नाही. इतकं करून त्या सगळ्यांच्या आधी डेस्कवर असायच्या.

हे मी सगळं नीट लक्षात ठेवलं. मला कुठे माहीत होतं की मी दारूगोळा जमा करतोय.

त्याच आठवड्यात काकांचा फोन आला. "अरे, आपल्या भाच्याचं बघ ना. मास्टर्स झालंय. मुलगा हुशार आहे. घर तर तुला माहितीच आहे."

घर मला माहीत नव्हतं. पण काकांच्या बेसमेंटमध्ये कागदी बशी घेऊन उभा राहिलेला माणूस काकांना नाही म्हणू शकत नाही. मी दोघांनाही रेफर केलं आणि स्वतःच्या निःपक्षपातीपणावर इतका खूश झालो की बायकोला बाहेर जेवायला नेलं. ओक ट्री रोडवर डोसा खाताना ती म्हणाली, "म्हणजे तू दोन्ही डगरींवर पाय ठेवलास."

"याला संतुलन म्हणतात."

"बरं. डोसा खा."

इंटरव्ह्यू दोघांचे एकाच दिवशी ठेवले होते. सकाळी काका स्वतः भाच्याला सोडायला आले. बाईंनी मुलाला व्हिजिटर पास छापून दिला, वाकडा टाय सरळ केला आणि लिफ्टकडे पाठवलं. दुपारी त्यांची वेळ आली तेव्हा एक अडचण निघाली. त्यांच्या कंत्राटी बॅजवर दुसऱ्या मजल्याचं दार उघडत नव्हतं. आग लागली तर आम्हा सगळ्यांना बाहेर काढायची जबाबदारी त्यांची. पण इंटरव्ह्यूला वर यायला त्यांना व्हिजिटर पास हवा, आणि बिल्डिंगमध्ये पास छापणाऱ्या त्या एकट्याच. मग त्यांनी स्वतःलाच विचारलं, कुणाला भेटायचंय? स्वतःच उत्तर दिलं, स्वतःचा फोटो काढला, पास छापला, ब्लेझर काढून जाकीट घातलं आणि वर आल्या. नखं त्या दिवशी एकाच रंगाची होती, तीही फिकट. मला ते बघून का कोण जाणे, वाईट वाटलं.

इंटरव्ह्यू चांगला झाला. डायरेक्टरला आवडला. मी पॅनेलमध्ये होतोच, माझ्याशेजारी हैदराबादचा एक सहकारी, आणि स्क्रीनवर एचआरची मुलगी. शेवटी चर्चेला बसलो तेव्हा डायरेक्टर म्हणाला, दोघेही चांगले आहेत, तू दोघांनाही ओळखतोस, तूच सांग.

आधी भाच्याचा विषय निघाला. मी म्हटलं, "चांगला मुलगा आहे. घर माहितीतलं आहे." मुलाबद्दल मला याहून जास्त काही ठाऊकच नव्हतं. हैदराबादी सहकाऱ्याने मान डोलावली. डायरेक्टरने लिहून घेतलं.

मग बाई. इथे माझ्यातला मानपत्रकार जागा झाला.

मी खुर्ची मागे सरकवली. उभा राहिलो नाही, पण राहिलो असतो. इंग्रजीत सुरू केलं खरं, आतून मात्र चाल मराठीच होती. म्हटलं, घरची परिस्थिती अत्यंत बिकट असूनही या बाईंनी संध्याकाळी कॉलेज केलं. गाडी नसूनही ट्रेन, बस आणि पायपीट करून रोज वेळेवर येतात, बर्फातसुद्धा. आई आजारी असूनही चेहऱ्यावर हसू असतं. घरी धड इंटरनेट नसूनही पब्लिक लायब्ररीत बसून परीक्षा पास झाल्या. शनिवारी दुसरीकडे काम करूनही सोमवारी ताज्यातवान्या असतात. शेवटाला मी आवाज थोडा खाली आणला. स्टेजवर मी इथेच थांबतो, म्हणजे शाल घेऊन येणाऱ्याला वेळ मिळतो.

शाल आली नाही. डायरेक्टरचे डोळे खरोखर पाणावले होते. "खूप इन्स्पायरिंग आहे," तो म्हणाला.

मी विजयी मुद्रेने हैदराबादकडे बघितलं. तो टेबलाकडे बघत होता.

"मला फक्त जरा काळजी वाटते," डायरेक्टर पुढे म्हणाला.

अमेरिकेत सज्जन माणसाला तुमची काळजी वाटायला लागली की समजावं, काम झालं नाही. त्याला काळजी बसची वाटली, कारण हेल्पडेस्कला कधी शनिवारी यावं लागतं. शनिवारच्या दुसऱ्या कामाची वाटली. आईची वाटली, म्हणजे मध्येच सुट्ट्या लागल्या तर. इंटरनेटची वाटली, घरून काम करायची पाळी आली तर. मी एकेक फूल वाहिलं होतं आणि तो एकेक फूल उचलून त्याखालचा काटा दाखवत होता, तेही अत्यंत हळुवारपणे. "आपण त्यांना अपयशाच्या वाटेवर ढकलतोय असं व्हायला नको," तो म्हणाला. एचआरच्या मुलीनेही स्क्रीनवरून काळजी व्यक्त केली. बाईंचा रंग कुणी काढला नाही. काढायची गरजच नव्हती. तो बसमधून आला होता, लायब्ररीत बसला होता आणि शनिवारी दुसरीकडे कामाला जात होता.

घरी येऊन मी बायकोला सगळं भाषण म्हणून दाखवलं, हावभावांसकट. मला अजूनही आशा होती. तिने पोळी लाटता लाटता ऐकलं.

"तू तिची शिफारस करायला गेलास की सत्यनारायणाची कथा सांगायला?"

"अगं, तिचा संघर्ष त्यांना कळायला नको?"

"आणि भाच्याबद्दल काय बोललास?"

"काही नाही. घर माहितीतलं आहे म्हटलं."

बायकोने पोळी तव्यावर टाकली. "मग भाच्याचे पेढे आणा म्हणावं काकांना."

पेढे आले. काकांनी स्वतः आणून दिले, पिस्त्याचे.

बाईंना एचआरची ईमेल गेली. दुसऱ्या दिवशी सकाळी माझ्याकडे बॅज असूनही त्यांनी मला थांबवलं.

"लिहिलंय की माझ्या येण्याजाण्याबद्दल थोडी चिंता आहे. मी इंटरव्ह्यूत बसचं नाव काढलं नव्हतं. मी बसने येते हे वर कुणाला माहितीये?"

मी म्हटलं, "मी तुमचं कौतुक केलं."

"आणखी कशाकशाचं कौतुक केलंस?"

मी सांगितलं. आवाजातला चढउतार या वेळी आपोआपच गेला होता.

"माझ्या आईची शुगरसुद्धा?"

"ओझरती."

मागून चौथ्या मजल्याचे दोघेजण आले, बाईंनी त्यांना हसून गुड मॉर्निंग केलं, ते गेल्यावर हसू परत आत ठेवलं. "हे सगळं मी तुला खाली सांगितलं होतं," त्या म्हणाल्या, "तू ते वर नेलंस."

मी समजावायचा प्रयत्न केला. म्हटलं, "आमच्याकडे हा मान असतो. गरिबीतून वर आलेल्या माणसाला आम्ही स्टेजवर बोलावून शाल देतो, श्रीफळ देतो."

"वर आलेल्याला ना?" बाई म्हणाल्या. "मी अजून लॉबीत आहे."

त्यानंतर कितीतरी दिवस त्यांनी मला सेकंड फ्लोअर म्हटलं नाही. 'सर' म्हणाल्या. मी बॅज विसरलो तर निमूटपणे व्हिजिटर पास छापून द्यायच्या, फोटोसकट. त्या फोटोंमध्ये मी दिवसेंदिवस जास्त गुन्हेगार दिसायला लागलो. बायकोला जाणारे माझे रिपोर्टही बंद झाले, आणि ही शिक्षा माझ्यापेक्षा बायकोला जास्त लागली. चकल्या मात्र जात राहिल्या. डबा रिकामा परत येत होता, एवढाच काय तो आशेचा किरण.

भाचा रुजू झाला. मुलगा वाईट नव्हता. त्याने लगेच गाडी घेतली, आणि तेव्हापासून नियमितपणे उशिरा येऊ लागला. रोज एकच कारण: पार्कवेवर ट्रॅफिक. दुसरा मजला सहानुभूतीने हळहळायचा. डायरेक्टर एकदा खाली आला असताना त्याने हे ऐकलं आणि स्वतःची ट्रॅफिकची गोष्ट सांगितली, जी बरीच लांब होती. तेव्हा मला कळलं की बसमुळे उशीर होईल असं नुसतं वाटलं तरी तो माणसाचा दोष असतो, आणि गाडीमुळे रोज उशीर झाला तरी तो रस्त्याचा. काकांच्या गोष्टीचंही तेच. त्यांचा बर्फ केव्हाच वितळला, म्हणून आम्ही त्याला हार घालतो. बाईंच्या बुटांना तो अजून लागलेला होता, आणि लॉबीची फरशी ओली होते अशी आम्हाला काळजी.

उन्हाळा संपता संपता एका दुपारी बाईंनी मला हाक मारली. "सर, इकडे या." मी गेलो.

नेवार्कच्या एका हॉस्पिटलात हेल्पडेस्कची जागा होती. चर्चमधल्या एका मैत्रिणीने त्यांचं नाव आत पोचवलं होतं. इंटरव्ह्यू झाला होता. आता हॉस्पिटलवाले एका मॅनेजरशी फोनवर बोलणार होते. कंत्राटदाराच्या माणसाला फक्त रुजू झाल्याची तारीख सांगायची परवानगी होती.

"मला दुसरा मॅनेजर माहीत असता तर तुझ्याकडे आले नसते," त्या म्हणाल्या.

"मी नीट बोलेन. अगदी मनापासून—"

"तेच नको. तू त्या पोराबद्दल काय बोलला होतास?"

"त्याच्याबद्दल मी काही बोललोच नव्हतो."

"मग माझ्याबद्दलही तेच बोल."

मग त्यांनी माझी तालीम घेतली. डेस्कवरचा फोन उचलून त्या हॉस्पिटलच्या बाई झाल्या. यांचं काम कसं आहे, त्यांनी विचारलं. मी म्हटलं, अत्यंत—

"अत्यंत काढ."

काम चांगलं आहे, मी म्हटलं, प्रतिकूल परिस्थिती असू—

"'असूनही' म्हणायचं नाही. माझ्या बाबतीत तो शब्द तुला बंद. काम चांगलं आहे. पुढे?"

"वेळेवर येतात."

"कशाने येतात?"

मी तोंड उघडलं.

"बघ," बाई म्हणाल्या. "कशानेही येत नाहीत. फक्त येतात." लोडिंग डॉकचा माणूस शेजारी उभा राहून हसत होता. मी आयुष्यात इतक्या स्टेजवर बोललोय, पण असा दिग्दर्शक मला मिळाला नाही.

फोन नेमका मंडळाच्या गणेशोत्सवात आला. आम्ही एका शाळेचं सभागृह भाड्याने घेतो. त्या शनिवारी काकांचा अमृतमहोत्सवी सत्कार होता. स्टेजवर काका शाल खांद्यावर पडायची वाट बघत होते, मी पडद्याआड कुर्त्यात, हातात मानपत्र, आणि खिशातला फोन थरथरला. शाळेच्या लॉकरांच्या बोळात जाऊन मी तो घेतला.

हॉस्पिटलच्या बाईंचा आवाज प्रेमळ होता. तोच धोका असतो. काम कसं आहे, त्यांनी विचारलं. चांगलं आहे, मी म्हटलं. भरवशाच्या आहेत का? आहेत. माणसांशी कशा वागतात? उत्तम. तुम्ही त्यांना नोकरी द्याल का? देईन.

इथपर्यंत मी सुखरूप होतो. मग त्या म्हणाल्या, "तुम्हाला आणखी काही सांगायचंय का?"

हा प्रश्न मला आयुष्यात कुणी विचारला नव्हता. मंडळात लोक मला आवरतं घ्यायला सांगतात. माझ्या घशात ट्रेन आली, बस आली, लायब्ररी आली, बर्फ आला. सभागृहातून कुणीतरी माईकवर माझं नाव पुकारत होतं. मी एका लॉकरचं कुलूप घट्ट धरून म्हटलं, "नाही."

फोन ठेवला तेव्हा माझा कुर्ता घामाने भिजला होता. स्टेजवर गेलो आणि जे गिळलं होतं ते सगळं काकांवर ओतलं. असा गरिबीचा परिच्छेद मी पूर्वी कधी वाचला नव्हता, पुढेही वाचणार नाही. त्या संध्याकाळी नेवार्कचा बर्फ काकांच्या गळ्यापर्यंत आला. पुढच्या रांगेतल्या बायका डोळे पुसत होत्या. डेंटिस्टसुद्धा. काका खाली उतरताना माझ्या कानात म्हणाले, "फारच छान. पण गळ्यापर्यंत जरा जास्त झालं का रे?"

"राहू द्या," मी म्हटलं. "शिल्लक होता."

बुधवारी सकाळी लॉबीत शिरलो तर डेस्कवरून आवाज आला, "काय सेकंड फ्लोअर, बॅज?" बाईंच्या नखांवर पाच रंग होते. मला आणखी काही विचारावं लागलं नाही. हॉस्पिटल त्यांच्या घरापासून चालत जाण्याइतकं जवळ होतं. विमा पहिल्या दिवसापासून होता.

"तू त्यांना काय सांगितलंस?" त्यांनी विचारलं.

"काही नाही."

"त्रास झाला असेल."

"फार."

कंत्राटी माणसांना निरोपाचा केक नसतो. म्हणून त्यांच्या शेवटच्या दिवशी बायकोने मोठा डबाभर चकल्या दिल्या आणि वर बजावलं, डबा द्यायचा आणि लिफ्टमध्ये शिरायचं. मी डबा दिला. लिफ्टचं बटणही दाबलं. पण पाय निघेना.

बाईंनी डबा उघडून एक चकली तोंडात टाकली आणि माझ्याकडे निरखून बघितलं. "तुझ्या चेहऱ्यावर भाषण दिसतंय."

"नाही हो."

"ठीक आहे. एक वाक्य. एकच देते."

मी विचार केला. मागे लिफ्ट आली, उघडली, बंद झाली आणि रिकामीच वर गेली. शेवटी आमच्या घरात निघालेल्या प्रत्येक माणसाला जे सांगतात तेच माझ्या तोंडून निघालं.

"पोचल्यावर फोन करा."

"मी नेवार्कला चाललेय, चंद्रावर नाही," बाई म्हणाल्या. पण संध्याकाळी फोन आला. माझ्या नाही, बायकोच्या फोनवर.